सरस घातलेला कागद

फेर्मो गिदीनीने तीस वर्षे आमच्या गावच्या नाट्यगृहाच्या जाहिराती भिंतींवर चिकटवल्या. खळ तो मुद्दाम पातळ ठेवी. "शनिवारचं नाटक सोमवारीही भिंतीवर दिसलं, की नटांना उगाच चुटपुट लागते," म्हणायचा. इतका विचार आम्हा नटांचा कोण करतो?

एकोणीसशे बावीस सालच्या ऑक्टोबरात, एका शनिवारी सकाळी नगरपालिकेच्या कारकुनाने त्याला रोमहून आलेला हुकूम छापून दिला. दुपारपासून लष्करी कायदा; रोमवर चालून निघालेल्या फॅसिस्टांच्या, काळ्या सदऱ्यांच्या टोळ्यांना सैन्य रोखणार. फेर्मोची मुलगी नेरीना कामगारांच्या छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवायची, आणि तो छापखाना आज जाळू, अशी आमच्याकडच्या टोळीची धमकी होती. फेर्मोने खळीत सुताराचा सरस ओतला. आयुष्यात प्रथमच. पहिला कागद लावला तो छापखान्यासमोर.

नेरीना बोचके घेऊन दारात उभी होती.

"बाबा, मी मावशीकडे निघाले."

"आधी वाच तरी. खाली मंत्र्यांची नावं आहेत."

"आणि राजाचं?"

"सही करत असेल. अगं, छापील आहे ते. छापखान्यातलीला मी सांगायचं का?"

ती हसली आणि आत गेली.

दुपारी कारकून धापा टाकत आला. "खरवडा सगळे. राजाने सही केलीच नाही."

"मग सैन्य?"

"बराकीत."

कागदावर नावे होती ते मंत्री आदल्या रात्रीच राजीनामे देऊन मोकळे झाले होते. काळे सदरे आले तेव्हा चौकातल्या शिपायांनी त्यांच्याच काडीवर सिगारेटी पेटवल्या. खिळे रस्त्यावर उधळले गेले. नेरीनाच्या उजव्या हाताची बोटे त्यांनी यंत्राखाली धरली.

टोळीचा म्होरक्या औषधवाल्याचा मुलगा. लहानपणी फेर्मोच्या खांद्यावर बसून नाटके पाहिलेला.

"फेर्मोकाका, हा सरकारी कागद निघत नाही हो. त्याच्यावरच आमचा लावा."

फेर्मोने लावला. पाण्यासारख्या खळीने.

तीन दिवस धुके पडले, आणि त्यांचा कागद घसरून चिखलात आला. खाली जुना हुकूम कोरा करकरीत. पाववाला बार्तोलो खुशीत कुजबुजला, "वा रे गड्या. काय पडदा उघडलास."

फेर्मोने पिशवीतून सुरी काढली.

"राहू दे की. जळू दे त्यांची."

"त्यांचं काय जळतंय? याच्या भरवशावर पोरीला आत धाडलं मी."

तो संध्याकाळपर्यंत खरवडत होता. भिंतीचा गिलावा निघाला, विटा दिसल्या. मंत्र्यांची नावे मात्र शेवटपर्यंत चिकटून राहिली.