मांडीखालचा चिमटा

पहिलं वाईट तेच सांगून टाकते, न्हाईतर मी इकडचं तिकडचंच लिहीत बसेन. ईदच्या दिवशी मी माझ्या चार वर्षांच्या भाचीला चिमटा काढला. मांडीखाली, कुणाला दिसणार न्हाई असा. अन् तोंडावर हसू ठेवून.

नांदेडला आमच्या घरासमोर एक मुसलमान मावशी राहतात, त्यांना आम्ही खाला म्हणतो. त्यांच्याकडं आम्ही दोघी शीरखुर्मा प्यायला गेलो होतो. भाचीनं वाटी चाटूनपुसून संपवली अन् म्हणली, "अजून पायजे." खाला उठल्याबी. माझा हात कधी गेला मलाच कळलं न्हाई. पोरगी रडली न्हाई. माझ्याकडं बघितलं अन् खालांना म्हणली, "नको. पोट भरलं."

पोट भरलं. हे माझं वाक्य हाय. मी तिच्याएवढी असताना भोकरला पप्पांच्या साहेबांच्या घरी दुसरा पेढा मागितला होता. आईनं अस्साच चिमटा काढला अन् हसून म्हणली, "लई हावरी हाय बघा ही." सगळे हसले. घरी आल्यावर वेगळंच ऐकलं, "लोकांला वाटंल, घरी खायला घालीत न्हाईत." तेव्हापासून मी कुठंबी गेले की माझं पोट आधीच भरलेलं. लातूरला क्लाससाठी दोन वर्षं होस्टेलला होते. मेसच्या काकू गरम पोळी घेऊन समोर यायच्या, मी "बस काकू" म्हणायचे, अन् मग खोलीत जाऊन दार लावून बिस्किटं खायचे. मला वाटायचं माझं खाणंच कमी हाय.

संध्याकाळी आईला विचारलं. ती कणीक मळून राहिली होती.

"मी? चिमटा? कधी गं?"

तिला आठवतच न्हाई. म्हणजे मीबी विसरून जाईन, अन् भाचीच्या ध्यानात राहील.

जेवताना भाचीनं दुसरी पोळी घ्यायच्या आधी माझ्याकडं बघितलं. मी म्हणलं, "बेटा, माझं चुकलं. अजून मागितलं तर काही वाईट नसतंय."

"मग चिमटा कामून काढला?"

मी दुसरी पोळी तिच्या ताटात वाढली.

दुसऱ्या दिवशी, बासी ईदला, तिला घेऊन परत खालांकडं गेले. माझी वाटी संपवली. मांडीला तिथंच काहीतरी टोचल्यासारखं झालं. तरी बोलले, "खाला, अजून एक वाटी द्या ना."

खालांनी पातेलं पुढं ओढलं. "अगे माँ, इत्ते साल से आधी कटोरी पीको जाती तू. पहले बोलना नै क्या?"

त्यांनी काठोकाठ भरली. मी सगळी प्यायले, भाची बघत असताना.

मग तिनंबी वाटी पुढं केली. "मला पन."

पन आज ती माझ्याजवळ न बसता खालांच्या पलीकडं जाऊन बसली होती. माझा हात पोचणार न्हाई, इतकी लांब.