फुग्यांना आधी कळलेलं नाव

यवतमाळ जिल्ह्यात आजवर जेवढी माणसं चुकीच्या नावानं जन्मली, जगली आणि गेली, त्या सगळ्यांचा राग माझ्या एकट्या आत्याला आलेला आहे. बाकीचे लोक महागाईवर चिडतात, सरकारवर चिडतात, कापसाच्या भावावर चिडतात. आत्या नावांवर चिडते. बाभुळगावात तिच्या घरावरून जाणाऱ्या कुठल्याही लेकराला थांबवून ती आधी नाव विचारते, मग अर्थ विचारते, आणि अर्थ सांगता आला नाही तर त्याच्या आईबापांचा त्यांच्या गैरहजेरीत उद्धार करते. एकदा यवतमाळच्या बसमध्ये शेजारच्या बाईच्या मांडीवरच्या पोराचं नाव कियान आहे असं कळलं, आणि स्टँड येईपर्यंत त्या बाईची सुटका झाली नाही. बाई बिचारी म्हणाली की नेटवर त्याचा अर्थ देवाची कृपा असा दिलाय. आत्यानं विचारलं, कोणत्या देवाची. बाईला काही ते सांगता येईना. उतरताना आत्यानं पोराच्या गालावरून हात फिरवला, "जपून राह्य, किसना," असं त्याला बजावलं, आणि तिच्यापुरता विषय मिटवला. त्यानंतर ती बाई आत्या दिसली की दुसऱ्या बसनं जात असणार, अशी माझी खात्री आहे.

हा अधिकार तिला कोणी दिला असं विचारायचीही सोय नाही, कारण अधिकार खरोखरच तिचा आहे. बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा, आणि आमच्या घराण्यात मुलींचा कायमचा दुष्काळ. माझ्या वडिलांना ही एकच मोठी बहीण. मला बहीण नाही, माझ्या मुलालाही नाही. त्यामुळे आमच्याकडे पाळणा बांधला की बाभुळगावला निरोप जातो. माझं नाव तिनं ठेवलं, माझ्या भावांची तिनं ठेवली, माझ्या मुलाचं माधव हे नावही तिचंच. घरातली माणसं संपल्यावर ती शेजाऱ्यांकडे वळली, मग गोठ्याकडे. आतोबा होते तेव्हा त्यांनी नवा ट्रॅक्टर आणला. बायका सगळीकडेच नव्या ट्रॅक्टरला ओवाळतात, तसं आत्यानंही ओवाळलं. पण नंतर बॉनेटपाशी तोंड नेऊन तिनं कुर्र केलं आणि त्याचं नाव बळीराम ठेवलं. नांगर खांद्यावर घेणाऱ्याचं नाव नांगर ओढणाऱ्याला, यात वावगं काय, असं तिचं म्हणणं. आतोबा गरीब माणूस. ते पुढे बळीराम पंक्चर झाला, असंच सांगत.

नाव पारखायची तिची रीतही सांगायला हवी. बाळाचं नाव मनात आलं की ती शेताच्या या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभी राहायची, गड्याला तुरीच्या पार पलीकडच्या धुऱ्यावर पाठवायची आणि पोटातून ते नाव ओरडायची. पलीकडे पोचलं तर पास. माझ्या आईच्या मनात माझं नाव चारुदत्त ठेवायचं होतं. गड्यानं परत येऊन सांगितलं की आवाज आला पण नाव काही आलं नाही. चारुदत्त तिथेच तुरीत राहिला आणि मी जनार्दन झालो. अंगावर मूठभर मांस नसलेल्या पोराला एवढं अवजड नाव घेऊन शाळेत जावं लागलं, तिथे त्याचं पहिल्याच दिवशी जन्या झालं, आणि याबद्दल मी आजही आत्यावर रागावलेला आहे. हे मी तिला एकदा बोलूनही दाखवलं होतं. ती म्हणाली की शाळेतल्या पोट्ट्यांना अक्कल नव्हती त्यात नावाचा काय दोष.

तर अशा या बाईच्या राज्यात, पुण्याला नोकरी करणाऱ्या माझ्या माधवला मुलगा झाला, आणि त्यानं मला मोबाइलवर कळवलं की बाळाचं नाव ठरलंय. अर्णव-रुद्र. मधे आडवी रेघ. मी विचारलं, यातलं कोणतं. तो म्हणाला, दोन्ही मिळून एकच. सुनेला, म्हणजे श्रुतीला, अर्णव हवं होतं. याला रुद्र हवं होतं. महिनाभर दोघंही हटेनात, तेव्हा मधे रेघ मारून तंटा मिटवला. मी जन्मभर पाटबंधारे खात्यात कारकुनी केली. वाद मिटत नाही म्हणून दोन्ही अर्ज मंजूर करा असा शेरा मी मारला असता तर साहेबांनी मला खात्याच्याच कालव्यात बुडवलं असतं. पण माधव भलताच खूश होता. अशी जोडनावं हल्ली सगळ्यांना आवडतात, भारदस्त वाटतात, वर्गात दुसरा कोणी निघणार नाही, असं तो सांगत होता. वर्गात असे चार निघतील हे मला दिसत होतं. त्यानं अर्थही पाठवला होता: समुद्रासारखा शांत आणि शंकरासारखा सौम्य. हे ज्यानं लिहिलं त्यानं समुद्रही पाहिलेला नसणार आणि रुद्र कशाला म्हणतात हेही त्याला कोणी सांगितलं नसणार. माझं डोकं इतकं फिरलं की मी जेवताना बायकोशी त्यावरून भांडलो. तिचा त्यात काडीचाही संबंध नव्हता.

आता हे आत्याला सांगणार कोण? मीच गेलो. ती ओट्यावर वाल सोलत बसली होती. मी नाव सांगितलं. तिनं मला ते पुन्हा म्हणायला लावलं, मग रेघ कुठे आहे ते विचारलं, मग सोललेले वाल बाजूला ठेवले. पुढचा तासभर मी जे ऐकलं ते सगळं इथे देता येणार नाही. समुद्रावर तिचा विशेष राग होता. आपल्याकडे बेंबळेचं एवढं मोठं धरण असताना पोराला समुद्र कशाला पाहिजे, असा तिचा सवाल होता. एका पोराला दोन नावं म्हणजे अर्ध्या नावानं बोलावलं तर अर्धंच पोर येणार का, हा दुसरा. पण तिची खरी अडचण धंद्यातली होती.

"कानात सांगताना त्या मधातल्या काडीचं मी काय करू रे?" तिनं विचारलं. "थांबू का खोकलू?"

मला हसू आलं आणि तिथेच माझं चुकलं. आत्या ताडकन उठली. तिनं जाहीर केलं की बारशाला ती येणार, पण पोराला एकच नाव मिळणार. आमच्याकडे बारशाला ताटात तांदूळ पसरतात, बाप सोन्याच्या अंगठीनं त्यात नाव लिहितो, आणि तेच नाव आत्या कानात सांगते. माधव जे लिहील त्यातलं अर्णव आपण सगळ्यांसमोर हातानं पुसणार आणि रुद्र तेवढं कानात घालणार, असं तिनं मला तोंडावर सांगितलं. देवाचं नाव राहील, समुद्र जाईल. मी विनवण्या केल्या. सून काय म्हणेल, व्याही काय म्हणतील, हेही सांगून पाहिलं. त्यावर ती म्हणाली की आत्या ती आहे, व्याही नाहीत.

बारसं यवतमाळला आमच्याच घरी होतं. मी माधवला आधीच सावध केलं होतं, त्यानं ते हसण्यावारी नेलं. आत्या सकाळीच आली, हिरवं नऊवारी नेसून, चष्मा पुसून, लढाईला आल्यासारखी. आणि दारातच थबकली. पाळण्यावर फुग्यांची कमान होती आणि कमानीवर सोनेरी अक्षरांत ते अख्खं नाव, रेघेसकट, लटकत होतं. टेबलावर केक होता, केकवरही तेच.

"मी कानात सांगाच्या आंधी फुग्यायले कसं मालूम झालं?" आत्या म्हणाली.

खरं सांगायचं तर या बाबतीत मी पूर्णपणे तिच्या बाजूचा होतो. अहो, नाव कानात सांगायचं कशासाठी? ते सगळ्यांत आधी बाळाला कळावं म्हणून ना? मग ते केकवाल्याला आधी कळतं, फुगेवाल्याला आधी कळतं, मोबाइलमधल्या दीडशे लोकांना आधी कळतं, आणि ज्याचं आहे तो बिचारा झोपलेला. आत्या कमानीकडे पाठ करून बसली. कोणी घुगऱ्या दिल्या तर त्याही तिनं बाजूला सारल्या.

मग ताट आलं. माधव नाव लिहायला बसला, पण रुद्रमधला अर्धा द्र ताटात मावेना. माझी बायको आतून परात घेऊन आली, तांदूळ तिच्यात ओतले, माधवनं पुन्हा सगळं लिहिलं आणि परात आत्यापुढे सरकवली. बायका पाळण्याभोवती गोळा झाल्या. आत्यानं चष्मा नीट केला, नाव वाचलं, आणि आपला उजवा तळहात अर्णववर नेला. माधवचं हसणं आता कुठे गेलं ते कळेना. मी पुढे सरकलो.

श्रुती बाळाला मांडीवर घेऊन समोरच बसली होती. तिनं आवाज अजिबात चढवला नाही.

"आत्याआजी, ते मी ठेवलेलं आहे," ती म्हणाली. "तेवढं पुसू नका."

आत्याचा हात तांदळावर तसाच राहिला. मला वाटलं आता भडका उडणार. पण ती त्या अक्षरांकडेच पाहत बसली. कोणीतरी पाळणागीत सुरू करू का म्हणून विचारलं, त्यांना माझ्या बायकोनं गप्प केलं.

"माहं पुसलं होतं," आत्या म्हणाली.

कोणाला काही समजलं नाही. मग तिनं सांगितलं, परातीकडेच पाहत, जणू आम्हाला नाहीच. तिच्या लग्नात गृहप्रवेशानंतर असंच तांदळाचं ताट पुढे आलं होतं. सासरी नणंदेचंही नाव कौसल्या आणि हिचंही कौसल्या. एका घरात दोन कौसल्या कशा चालणार, म्हणून हिचं निर्मला ठेवायचं सासूबाईंनी ठरवलं होतं. आतोबांना तसं सांगितलेलंही होतं. पण लग्न ठरल्यापासून त्यांच्या मनात एकच नाव बसलेलं, त्यांनी अंगठी हातात घेतली आणि घाईत कौसल्या लिहून मोकळे झाले. लोक हसले. सासूबाईंनी ताटावरून तळहात फिरवला.

"एकडाव फिरवला. तांदूळ सपाट," आत्या म्हणाली. "मंग त्याईनं निर्मला लेहलं. आता हे पाह्यलं आनं वाटलं, मधात एक काडी मारली असती त कोणाचं काय गेलं असतं?"

साठ वर्षं मी या बाईला ओळखतो. रेशनकार्डावर निर्मला, सातबाऱ्यावर निर्मला, जुन्या लग्नपत्रिकांत सौभाग्यवती निर्मला. तिला दुसरं नाव होतं हे मला माहीतच नव्हतं. जिनं आमच्या दोन पिढ्यांना नावं दिली, ट्रॅक्टरला दिलं, बसमधल्या परक्या पोराला दिलं, तिचं स्वतःचं नाव एका नणंदेच्या सोयीसाठी पुसलं गेलं, आणि लोक हसले. त्या क्षणी मला जो संताप आला तो कोणावर काढावा हे मला आजही कळलेलं नाही. त्या सासूबाईंना जाऊनही आता चाळीस वर्षं झाली.

परात सरकवताना मधली रेघ ढासळली होती. आत्यानं बोट टेकवून ती परत ओढली, जरा जाडच. मग बाळाला घेतलं, त्याच्या कानाशी तोंड नेऊन कुर्र केलं आणि पूर्ण नाव सांगितलं. मधे एक श्वास थांबली. पोरांनी रीतीप्रमाणे तिच्या पाठीवर धपाटे घातले. श्रुती डोळे पुसत होती, आणि तिच्या कानाशी आत्या काहीतरी बोलली. काय ते श्रुतीनं मला सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

संध्याकाळी मी तिला गाडीनं बाभुळगावला सोडायला निघालो. वाटेत ती पूर्ववत झाली होती. केक कच्चा होता, घुगऱ्यांत मीठ कमी होतं, आणि समुद्राबद्दलचं तिचं मत बदललेलं नव्हतं. मी मधेच विचारलं की आतोबांनी नंतर कधी तिला त्या पहिल्या नावानं बोलावलं का. ती म्हणाली, "कायचं? जलमभर 'आयकलं का' म्हनत राह्यले. निर्मला बी नाई, कौसल्या बी नाई."

माझे वडील तिला ताईच म्हणायचे. कौसल्या म्हणणारे म्हणजे तिचे आईवडील, ते तर मी शाळेत जायच्या आधीच गेले. उरलेलो आम्ही सगळे तिच्याहून लहान, आणि मोठ्या माणसाचं नाव तोंडानं घ्यायची आमच्यात रीत नाही. तिच्या दारात गाडी थांबवली तेव्हा ते नाव माझ्या अगदी ओठांवर होतं. ती उतरली, पदर नीट केला, आणि पोहोचल्यावर फोन कर म्हणाली.

"येतो, आत्या," मी म्हणालो.