चेअरमन साहेबांचा तिसरा शब्द

आमचा सगळा ऊस मी एका शब्दात घालवला.

कारखान्याच्या चेअरमन साहेबांची एक लकब होती. कुणी काम घेऊन गेलं की साहेब चष्मा काढायचे. "बघतो." उपरण्यानं काचा पुसायचे. "करतो." मग चष्मा डोळ्यांवर चढवून उठायचे. "कळवतो!" (चष्मा चढला, की काम बुडालं!) मी अंबाजोगाईच्या कॉलेजात ही नक्कल करून बक्षीस मिळवलं होतं, आणि सुट्टीत तो रोग घरी आणला. आई ओरडायची, "टँकर आलाय, घागर घिऊन पळ!" मी म्हणायचो, "बघतो." धाकटी बहीण शकू म्हणायची, "करतो." मग खुद्द आण्णा, आमचे वडील, मिशीत हसत म्हणायचे, "कळवतो!" तोवर टँकर रिकामा.

त्या दुष्काळात विहीर आटली आणि ऊस उभ्या उभ्या वाळायला लागला. आठवड्यात कारखान्याची तोडणी टोळी आली नाही, तर वर्षाची मेहनत पाण्यात जाणार होती. (पाणी कुठलं म्हणा!)

चतुर्थीला साहेब लिंबागणेशला दर्शनाला निघालेले. आण्णांनी वाटेतच जीप अडवली आणि त्यांना चहाला घरी आणलं. मला कोपऱ्यात घेऊन दम भरला, "तोंड उघडलंस तर याद राख! पोट हाय समद्यांचं त्या उसावर."

मी ओठ आवळून बसलो. शकू दाराआड, तोंडात ओढणी कोंबून.

आण्णांनी हात जोडले. "साहेब, टोळी द्या. लई वाळलाय ऊस."

साहेबांनी चष्मा काढला. "बघतो."

दाराआडून 'खुक्' असा आवाज आला.

"मांजर हाय," आई घाईनं म्हणाली. (घरात उंदीरसुद्धा टिकले नव्हते, मांजर कशाला राहील!)

साहेब काचा पुसू लागले. "करतो."

आता तिसरा! पण साहेब पुसतच राहिले. एक काच झाली, दुसरी झाली, परत पहिली! रोजच्या विनोदाचं हेच वाईट असतं. आधी माणूस हसतो, नंतर वाट बघायला लागतो, आणि एकदा वाट बघायला लागला की त्याचं काही खरं नाही. साहेब चष्मा हातातच धरून पुढं झुकले.

"आण्णा, आसं करा. उद्या सकाळी..."

"कळवतो!"

माझ्या तोंडून. साहेबांच्या आवाजात. वर माझा हातही डोळ्यांपर्यंत गेलेला!

आण्णा पांढरेफटक पडले. साहेबांनी सावकाश माझ्याकडं मान वळवली.

"काय म्हनलास रे?"

"काई न्हाई साहेब... तुमी उद्या सकाळचं काय सांगत होता?"

"उद्या सकाळी टोळी पाठवनार होतो." साहेबांनी चष्मा चढवला आणि उठले. "आता कळवतो."

जीप गेली. मला जमिनीनं पोटात घ्यावं असं वाटत होतं, पण ती इतकी टणक झाली होती की तेही जमेना.

टोळी आलीच नाही. शेवटी तो ऊस चारा छावणीला गेला. आण्णा मला मारतील असं वाटलं होतं, पण त्यांनी हात उगारला नाही. ऊस न्यायला आलेल्या छावणीवाल्याला ते एवढंच म्हणाले, "येखादं दावं रिकामं आसंल तर हेला बी घिऊन जा."

त्यानं मला खालपासून वरपर्यंत नीट न्याहाळलं आणि मान हलवली.

"न्हाई जमायचं, आण्णा. आमी फकस्त कामाची जनावरं घेतो."