फाटक उचलून

सापुताऱ्याचा घाट चढून बस वणीच्या वाटेला लागली, सप्तशृंगीचा डोंगर दिसला आणि मी उगाच ताठ बसलो. सगळी नोकरी सुरतेत झाली, तरी मी स्वतःला नाशिककरच म्हणवतो. आता ते सिद्ध करायचं होतं. लेकीला नाशिकच्या कॉलेजात प्रवेश मिळत होता. मी मूळचा इथला असल्याचा दाखला उद्यापर्यंत तिच्या ऑनलाइन अर्जाला जोडला नाही, तर जागा गेली.

नाशिकच्या तहसील कचेरीतल्या बाईंनी माझे कागद उलटसुलट पाहिले. "शाळा कळली हो. राहत कुठं होतात? तुम्हाला ओळखणारे दोन जुने शेजारी आणा. आजच."

रिक्षाने सातपूर गाठलं. आमच्या कामगार कॉलनीतल्या घरांवर मजले चढले होते, पाट्यांवर ओळखीचं नाव नव्हतं. धीर यावा म्हणून नाक्यावर मिसळ मागवली. सुरतेच्या गोड डाळीने बिघडलेली जीभ पहिल्याच घासाला शरण गेली. मला डोळे पुसताना बघून गाडीवाला म्हणाला, "पाहुणे, गुजरातचे ना? दही देऊ?"

दही खाल्लं. मुकाट्याने.

शेवटच्या रांगेत बागुलांचं लोखंडी फाटक तसंच होतं. मी ते जरा उचलून उघडलं, आत गेलो, उचलूनच लावलं. ओट्यावर लसूण सोलणाऱ्या काकूंनी चष्मा सारखा केला.

"कोण रे? कुरिअरवाला धाडकन येतो. तू तर आपल्या लायनीतला दिसतोस!"

बागूलकाका कारखान्यात कायम तिसऱ्या पाळीला, म्हणजे रात्रपाळीला असत. दिवसा त्यांची झोप मोडू नये, म्हणून आम्ही पोरं चेंडू आणायला जाताना करकरणारं फाटक उचलायचो. आऊटचं अपीलसुद्धा कुजबुजत करायचो.

"मी पवारांचा मधला. दाखल्यासाठी दोन जुन्या शेजाऱ्यांच्या सह्या हव्यात, आजच."

"अरे मधल्या! टक्कल पडलं की तुला! अहो, उठा, सही द्यायला जायचंय."

कचेरीत बाईंनी काकांना विचारलं, "यांना लहानपणी पाहिलंय ना?"

"पाहिलं कुठं? मी झोपलेलो असायचो."

काकूंनी काकांना कोपर मारलं.

"खोटं कशाला बोलू?" काका म्हणाले. "पण बाई, इतक्या पोरांत माझी झोप कधी मोडली नाही. ती पोरं आमचीच."

"आणि मी रोज बघायचे," काकू म्हणाल्या. "दात पडलेला, 'काकू, बॉल' म्हणणारा. लिहा."

बाई हसल्या. शिक्का बसला.

दुसऱ्या दिवशी पहाटे सुरतेला घरी पोचलो. आमचं फाटक नवं आहे, मुळीच वाजत नाही. तरी उचलून उघडलं.

"चोरासारखे काय येता?" बायको दचकली. "बेल वाजवा की!"

"आम्ही सातपूरचे लोक असेच येतो," मी म्हणालो आणि लेकीच्या हातात दाखला ठेवला.