वेलमारचं नववं गाणं

भरमाप्पा मगदूम हा कसबा बावड्यातला माझा शेजारी. साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर त्यानं एकतीस वर्षं कारकुनी केली. एकदा माझ्याच पाव्हण्यांची उसाची गाडी काट्यावर आली, तर उसावर कुत्रं बसलेलं. ह्यानं कुत्रं उतरवून पुन्हा वजन घेतलं. कुत्रं काही केल्या उतरेना, त्याला भाकरी दाखवावी लागली. भाकरी माझ्या डब्यातली. असो, ती गोष्ट निराळी.

ह्या माणसाला नाद एकच, रेडिओचा. अंगणातल्या शेवग्याला तांब्याची तार बांधलेली आणि रविवारी सकाळी परदेशी केंद्रांच्या हिंदी सेवा चालू. त्यातलं एक केंद्र वेलमारचं. वेलमार म्हणजे युरोपातलं बंदराचं गाव. तिथं दर मे महिन्यात पंधरा देशांचे गायक जमायचे, आंतरराष्ट्रीय गीतस्पर्धा व्हायची, आणि पुढच्या रविवारी ती हिंदी समालोचनासकट ऐकवायचे. पंधरा देशांच्या भाषा, त्यातली एकही भरमाप्पाला येत नव्हती. मी विचारलं, "मग ऐकतोस काय डोंबल?" तर म्हणाला, "तुला भजनातलं तरी सगळं कळतंय व्हय?"

एक्क्याण्णव साली त्यानं वही घातली. देश कुठला, गायक कोण, वाद्यं कोणती, गाणं कशाबद्दल, गुण किती, सगळं रकाने आखून. शेवटच्या रकान्यात स्वतःचा शेरा: 'गळा मोकळा', 'हिला सर्दी असावी'. आपल्याला काय ऐकू आलं हे केंद्राला हिंदीत कळवलं की रंगीत कार्ड यायचं. पंधराच्या पंधरा गाण्यांची माहिती कळवली, तर स्पर्धेचं रेशमी निशाण. आमच्या पोस्टमनला तर वाटायचं, मगदुमांचं कुणीतरी तिकडं नोकरीला हाय.

त्र्याण्णव सालची गोष्ट. मी चहाला बसलो होतो. आठवं गाणं झालं, निवेदकानं नवव्या गायिकेचं नाव सांगितलं, इल्वा टारेन, आणि स्वयंपाकघरात महादेवीवहिनींनी चटणीसाठी मिक्सर लावला. रेडिओतनं नुसती घरघर. भरमाप्पा ओरडला, पण मिक्सरच्या आवाजात त्याचं ओरडणं कुठलं ऐकू जातंय! मिक्सर थांबला तेव्हा गाणं संपून टाळ्या चालल्या होत्या.

देश मिळाला, नाव मिळालं, गुण पुढं कळले. दोन रकाने रिकामे राहिले. एवढ्यावरनं निशाण हुकणार. मीच म्हटलं, "अरं, बंदराचं गाव हाय. नवरा समुद्रावर गेलाय असं लिव्ह. दुसरं काय गाणार बाई?" त्यानं बराच वेळ पेन धरून ठेवलं आणि लिहिलं, 'सोबत बासरी. गाणं समुद्रावर गेलेल्या नवऱ्याचं. ऐकून डोळे भरले.' निशाण आलं. बसवेश्वरांच्या फोटोशेजारी लागलं.

दोन हजार दोन साली ती हिंदी सेवा बंद पडली. तोवर बारा वर्षं झाली होती, एकशे ऐंशी गाणी. वह्या ट्रंकेत गेल्या.

दोन हजार चार साली वेलमारहून इंग्रजीत पत्र आलं. भरमाप्पाची सून सुष्मिता राजारामपुरीत क्लासमध्ये इंग्रजी शिकवते, तिनं ते मराठीत वाचून दाखवलं. केंद्राच्या तळघरात पाणी शिरून कित्येक वर्षांच्या टेपा गेल्या होत्या. आता स्पर्धेचा इतिहास लिहायचा, तर त्यांनी श्रोत्यांची जुनी पत्रं काढली, आणि सगळ्यांत भरघोस निघाली ती कोल्हापूरची. पुढं लिहिलं होतं: 'त्र्याण्णवच्या नवव्या गाण्याविषयी तुमच्या तीन वाक्यांपलीकडे काहीच उरलेले नाही. इल्वा टारेन आता हयात नाहीत. त्यांच्या मुलीला आम्ही ती वाक्ये दाखवली. आई बासरीसोबत गायली होती, हे तिला प्रथमच कळले. तुमच्या नावासह छापण्यास परवानगी द्यावी. सर्व वह्यांच्या प्रतीही पाठवाव्यात.'

मी लगेच पेढे आणले. भरमाप्पानं पेढ्याला हात लावला नाही.

"मामा, काय झालं?" सुष्मितानं विचारलं.

"ती बासरी न्हवतीच," तो म्हणाला, आणि सगळं सांगितलं.

"अय्य! म्हणजे माझ्या मिक्सरमुळं?" वहिनी म्हणाल्या.

मी म्हटलं, "गप बसा की सगळी. बासरी काय, पिपाणी काय, बघायला कोण येतंय? पोरीला बरं वाटलंय, वाटू दे."

वहिनी माझ्यावरच उलटल्या. "त्या पोरीला आईचं म्हणून दुसऱ्याचंच काय तरी देता काय री? मिक्सर माझा, खोटं तुम्हा दोघांचं."

भरमाप्पाची भीती निराळी होती. "एक ओळ खोटी म्हटली की बाकीच्या कोण खऱ्या मानंल? काट्यावर एक पावती खोटी निघाली तर त्या दिवसाच्या सगळ्या पावत्या रद्द. बारा वर्षं केराच्या टोपलीत जातील, गणपतराव."

त्या दिवशी तो जेवला नाही. दुसऱ्या दिवशी ट्रंक उघडली आणि मला हाताशी बसवून एकेक ओळ तपासायला घेतली. आठ दिवस चाललं. आवाज गेल्यावर अंदाजानं लिहिलेल्या आणखी दोन ओळी निघाल्या. तिन्ही ओळींना त्यानं तांबड्या शाईनं घेर केला आणि शेजारी लिहिलं, 'ऐकलं नाही'. मग राजारामपुरीत जाऊन प्रती काढल्या, आणि सुष्मितानं इंग्रजीत पत्र लिहिलं. मी म्हटलं, "विजेनं घोटाळा केला म्हणून लिव्ह." तर म्हणाला, "वीज कुठं गेलती? मी लिहिलंय ते मी लिहिलंय." मुलीसाठी वेगळी चिठ्ठी घातली: 'तुमच्या आईचं गाणं मला ऐकू आलं नाही. बासरी मी मनानं लिहिली. टाळ्या मात्र ऐकल्या. आमच्या समालोचकाला थांबावं लागलं इतक्या होत्या. हे खरं आहे.'

मग वर्षभर वेलमारहून चकार शब्द नाही. भरमाप्पानं रेडिओ लावणं सोडलं. मी म्हणायचो, "झालं तुझं समाधान?" तो म्हणायचा, "न्हाय झालं. पण झोप लागती."

दोन हजार पाचच्या दिवाळीआधी जाडजूड पुस्तक आलं. सुष्मितानं पानं उलटली. बारा वर्षांची सगळी माहिती छापलेली, दरवर्षी खाली बारीक अक्षरात 'बी. मगदूम, कोल्हापूर'. तीन ठिकाणी नुसत्या रेघा. त्र्याण्णवच्या नवव्या गाण्यापुढं वाद्याच्या रकान्यात रेघ, विषयाच्या रकान्यात रेघ, आणि शेऱ्यात: 'टाळ्या दीर्घकाळ'. प्रस्तावनेत लिहिलं होतं, कोल्हापूरच्या श्रोत्यानं आपल्या चुका स्वतः कळवल्या, म्हणून त्यांच्या उरलेल्या नोंदी आम्ही निःशंकपणे घेतल्या. ते वाक्य वहिनींनी सुष्मिताकडून तीनदा वाचून घेतलं. मीही पेठ वडगावच्या बाजारात भेटेल त्याला सांगितलं. सल्ला माझा होता, तेवढं सोडून.

इल्वाच्या मुलीचं उत्तर मात्र आलं नाही. दोन वर्षं भरमाप्पा पोस्टमनला विचारत होता. एकदा मी म्हटलं, "कशाला विचारतोस? न्हाय यायचं ते."

"ठाऊक हाय," तो म्हणाला. "तिच्या जागी मी असतो तर मीबी न्हाय लिहिलं असतं."