कडीशेजारची खुर्ची

प्रेमानंद एकतीस वर्षं सावनेरकडच्या एका कोळसा खाणीत दिव्यांच्या खोलीवर होते. खाली उतरणारा माणूस आपल्या नंबरचं टोकन द्यायचा, ते हे खिळ्यावर अडकवायचे, आणि तो डोक्यावरचा दिवा घ्यायचा. वर आला की दिवा परत करून टोकन न्यायचा. खिळ्यावर टोकन उरलं, म्हणजे माणूस खाली उरला. आता निवृत्त होऊन नागपुरात आले, तरी घरातलं शेवटचं माणूस परतेपर्यंत यांच्या जिवाला चैन नाही. शेजाऱ्याची गाडी दिसली नाही तरी हे गॅलरीत येरझारा घालणार.

अशा माणसाला राखणीला बसवायचं म्हणजे कमालच. पण पुतणी प्रीतीला घरात दुसरं रिकामं कोण सापडणार? तिला एकही शब्द नसलेली छोटी फिल्म करायची होती. बिनखिडकीची खोली, कोंडलेली एकटी बाई, समोर दिवसभर न थांबता चालणारा कॅमेरा. सकाळी दहाला ती गच्चीवरच्या सामानाच्या खोलीत शिरली.

"बाहेरून कडी लावा, मोठेबाबा. मी रडली, दार बडवलं, तरी सहाच्या आत उघडायचं नाई. हाकही मारायची नाई."

प्रेमानंदांनी कडीशेजारी खुर्ची टाकली. तिने दार बडवलं, हे बसून राहिले. ती हमसून रडली, यांनी गुडघे घट्ट धरले, पण उठले नाहीत. आवाज आहे तोवर माणूस आहे, एवढं त्यांना पक्कं ठाऊक होतं.

चारला आतलं सगळं थांबलं. त्यांनी दाराला कान लावला. काहीच नाही. एकदा रुपरावचं टोकन असंच खिळ्यावर राहिलं होतं. 'विसरून घरी गेला असेल,' साहेब म्हणाले आणि यांनी ते मानलं. दुसऱ्या दिवशी रुपरावला वर आणलं ते झाकूनच. ही गोष्ट घरात सगळ्यांना माहीत होती.

कडी काढली तर पोरीची दिवसभराची मेहनत पाण्यात जाणार, हे त्यांना कळत होतं. हात कडीवर गेला, मागे आला, पुन्हा गेला. शेवटी काढलीच.

प्रीती कोपऱ्यात गुडघ्यांत डोकं घालून बसली होती, धडधाकट. ती भडकली.

"काहून उघडलं? चूप बसणं, तोच तर पिच्चर होता. सहा तासांनी जमून राहिलं होतं मले."

"तू चूप झाली म्हणूनच उघडलं."

"दोन तास थांबता नाई आलं तुम्हाले?"

प्रेमानंद उंबऱ्यावरच बसले.

"रुपरावच्या वेळी थांबलो होतो ना," ते म्हणाले. "घरी गेलो, हातपाय धुतले. भूक लागली होती मले. पोटभर जेवलो, पोरी."