सोड्याची बाटली

कुणी जुनी ट्यूबलाइट फोडली, की मला सदा आठवतो. टीव्ही कृष्णधवल होता, कार्यक्रम थेट जात आणि मी बातम्यांचे कागद घेऊन स्टुडिओत थांबलेला असे. सदा कपाळावर ट्यूब फोडायचा. त्या दिवशी त्याने बातम्यांआधीच्या तीन मिनिटांच्या खेळासाठी तीन आणल्या होत्या. तिन्ही फुटल्या, पण बातम्यांची फिल्म अजून धुऊन आली नव्हती. फ्लोअर मॅनेजरने रबर ताणल्यासारखे हात केले, म्हणजे वेळ काढ. सदाने निवेदकाच्या टेबलावरची सोड्याची बाटली उचलून कपाळावर हाणली. ती दुसऱ्या फटक्याला फुटली. रक्त डोळ्यांत उतरलं तरी तो हसत उभा होता.

"वेड्या, नुसतं बोलायचं होतंस!" मॅनेजर नंतर ओरडला.

"बोलायला कुठं येतंय साहेब मला? परत बोलवाल ना?"

घरी बसलेल्याला काचेची जाडी दिसत नाही. सदाच्या शेजाऱ्यांच्या टीव्हीवर रक्त काळं दिसलं आणि शाई समजून सगळे हसले. "बायको तेवढी उठून गेली," सदाने मला टाके दाखवत सांगितलं.

त्याला पुन्हा बोलावणं गेलं. सामानाच्या यादीत या वेळी सोड्याच्या तीन बाटल्या होत्या.